देऊळ सगळ्यांचं, मग भांडण कोणत्या दारात न्यायचं?

तुमच्या गावच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर असा मेसेज कधी ना कधी आला असेल: "देवळाची रस्त्याकडची जागा परस्पर भाड्यानं दिली म्हणे. कुणाला विचारलं?" मग उत्तरांचा पाऊस पडतो. कुणी म्हणतं पोलिसांत जाऊ, कुणी म्हणतं तहसीलदारांना निवेदन देऊ, कुणी म्हणतं सरळ कोर्टात केस टाकू. शहरात नोकरी करणारी मंडळी वकिलाच्या फीसाठी वर्गणी काढतात आणि तालुक्याच्या कोर्टात दावा दाखल होतो. काही वर्षांनी निकाल लागतो, पण त्या जागेबद्दल त्यात अक्षरही नसतं. निकाल एवढाच असतो की, हा दावा चालवण्याचा अधिकार या न्यायालयाला नाही.

तोवर त्या जागेवर दुकानगाळे उभे राहिलेले असतात आणि ज्यांनी वर्गणी दिली, ती मंडळी "कोर्टकचेरीत काही अर्थ नाही" असं म्हणून बाजूला झालेली असतात.

देवळाचं, मठाचं, चर्चचं किंवा अग्यारीचं भांडण हे दोन भावांच्या बांधाच्या भांडणासारखं नसतं. बांधाचं भांडण थेट दिवाणी न्यायालयात जातं. सार्वजनिक धार्मिक न्यासाच्या म्हणजे ट्रस्टच्या भांडणाला मात्र कायद्यानं वेगळी वाट आखून दिली आहे. ती वाट कुठून सुरू होते आणि दिवाणी न्यायालय त्यात नेमकं कुठे येतं, हे आज समजून घेऊ. विषय कायद्याचा असला तरी तो तुमच्या आजीच्या रोजच्या दर्शनाशी आणि तुमच्या वर्गणीच्या पावतीशी जोडलेला आहे.

आधी ठरवा: देऊळ घरचं की सगळ्यांचं?

समजा, तुमच्या पणजोबांनी वाड्याच्या परसात दत्ताचं देऊळ बांधलं. सुरुवातीला घरचीच माणसं पूजा करायची. मग शेजारपाजारचे येऊ लागले. दत्तजयंतीला गाव जेवू लागलं. पुढे दानपेटी आली, वर्गणीतून सभामंडप झाला, कुणीतरी आईच्या स्मरणार्थ पितळी घंटा दिली. आज चौथ्या पिढीतल्या एका भावाला वाडा बिल्डरला द्यायचा आहे. तो म्हणतो, "देऊळ आमचं आहे, मूर्ती आम्ही दुसरीकडे नेऊ." गाव म्हणतं, "देऊळ आमचंही आहे." खरं कोण बोलतंय?

दोघंही मनापासूनच बोलत असतात. कायदा मात्र काही ठोस गोष्टी तपासतो. लोक दर्शनाला हक्कानं येतात की घरच्यांच्या परवानगीनं? देऊळ राहत्या घरात आहे की स्वतंत्र इमारतीत? खर्च कुटुंब करतं की लोकांच्या देणग्यांतून चालतो? कारभार फक्त घरातल्यांच्या हाती आहे, की बाहेरच्यांचाही त्यात सहभाग आहे? स्थापनेचा एखादा कागद, मृत्युपत्र किंवा दानपत्र असेल तर त्यात काय लिहिलं आहे?

या बाबतीत सर्वोच्च न्यायालयाचा १९५६ चा 'देवकीनंदन विरुद्ध मुरलीधर' हा निकाल आजही आधाराला घेतला जातो. उत्तर प्रदेशातल्या सीतापूर जिल्ह्यातल्या एका गावात निपुत्रिक भाविकानं राधाकृष्णाचं ठाकूरद्वार बांधलं होतं. त्याच्यामागे कारभार पाहणाऱ्यांचं म्हणणं होतं की देऊळ खासगी आहे. न्यायालयानं पाहिलं की मूर्ती राहत्या घरात नव्हे, तर मुद्दाम बांधलेल्या वेगळ्या वास्तूत होत्या आणि गावकरी तिथे मोकळेपणानं पूजा करत होते. देवळाच्या दानाचा खरा लाभ मूर्तीला नसतो, भक्तांना असतो, असं न्यायालयानं म्हटलं. हे भक्त ठरावीक कुटुंबातलेच असतील तर देऊळ खासगी आणि सर्वसामान्य लोक असतील तर सार्वजनिक. त्या गावचं ठाकूरद्वार सार्वजनिक ठरलं.

याचा अर्थ असा नव्हे की दाराशी चार माणसं नमस्काराला आली की घरचं देऊळ गावाचं झालं. पाहुण्याला आपण देवघरात नेतो, म्हणून देवघरावर त्याचा हक्क येत नाही. फक्त लोकांची ये-जा पुरेशी नाही, त्या येण्यामागे हक्क आहे का हे पाहावं लागतं. म्हणूनच हा प्रश्न पुराव्याचा आहे. तो ग्रुपवरच्या मतदानानं सुटत नाही.

महाराष्ट्रात पहिलं दार कोणतं?

महाराष्ट्रात हा प्रश्न ठरवण्याचा अधिकार सुरुवातीला दिवाणी न्यायालयाचा नाही. १९५० साली मुंबई सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम आला. आज त्याच कायद्याला महाराष्ट्राचं नाव आहे. या कायद्याच्या व्याख्येत देऊळ आहे, मठ आहे, चर्च आहे, सिनेगॉग आणि अग्यारीही आहे. त्यामुळे हा फक्त एका धर्माच्या देवस्थानांचा कायदा आहे हा गैरसमज आधी दूर करायला हवा.

या कायद्यानं धर्मादाय आयुक्तांची यंत्रणा उभी केली. ट्रस्टची नोंदणी करताना सहायक किंवा उप धर्मादाय आयुक्त चौकशी करतात. ट्रस्ट अस्तित्वात आहे का, तो सार्वजनिक आहे का, कोणती मालमत्ता त्याची आहे, विश्वस्त कोण, त्यांच्यानंतर नवे विश्वस्त कसे येणार, हे सगळं त्या चौकशीत तपासलं जातं. निष्कर्ष नोंदवहीत उतरतात. देवळाच्या कमानीवर "रजि. नं. ए-" असं काहीतरी लिहिलेलं तुम्ही पाहिलं असेल, तो याच नोंदवहीतला क्रमांक.

आता दोन कलमं लक्षात ठेवा. कलम ७९ सांगतं की ट्रस्ट आहे का, तो सार्वजनिक आहे का आणि अमुक मालमत्ता त्याची आहे का, हे प्रश्न धर्मादाय यंत्रणेनंच ठरवायचे. कलम ८० सांगतं की जे प्रश्न या कायद्याखाली अधिकाऱ्यांनी ठरवायचे आहेत आणि ज्यांवरचा त्यांचा निर्णय कायद्यानं अंतिम मानला आहे, त्यांत दिवाणी न्यायालयाला अधिकार नाही.

मघाच्या दत्ताच्या देवळाचं उदाहरण घ्या. गावातल्या कुणी दिवाणी न्यायालयात जाऊन "हे देऊळ सार्वजनिक आहे असं जाहीर करा" एवढीच मागणी केली, तर दावा पहिल्याच पायरीवर अडखळतो. तो प्रश्न आधी धर्मादाय कार्यालयातच जायला हवा.

पण अधिकाऱ्यांचा निर्णय अंतिम म्हणजे कुणी तो तपासायचाच नाही, असं नाही. सहायक आयुक्तांच्या निर्णयावर धर्मादाय आयुक्तांकडे अपील करता येतं. त्यांच्याही निर्णयानं समाधान झालं नाही तर ६० दिवसांच्या आत न्यायालयाकडे अर्ज करता येतो. हे न्यायालय म्हणजे जिल्हा न्यायालय आणि बृहन्मुंबईत नगर दिवाणी न्यायालय. त्यानंतर उच्च न्यायालय. म्हणजे न्यायालय या वाटेवर आहेच, पण ते पहिल्या पायरीवर नाही, वरच्या पायऱ्यांवर आहे. खालच्या पायऱ्या गाळून थेट तिथे उडी मारता येत नाही.

गुजरातमधल्या चर्चची गोष्ट

हा नियम किती पक्का आहे हे एका चर्चच्या प्रकरणातून कळतं. १९७० साली अनेक चर्च-संघटना एकत्र येऊन 'चर्च ऑफ नॉर्थ इंडिया' ही संस्था झाली. गुजरातमधलं ब्रदरन पंथाचं चर्च १९५० च्या याच कायद्याखाली नोंदलेला ट्रस्ट होतं. एका गटाचं म्हणणं होतं, आपण नव्या संस्थेत विलीन झालो, तेव्हा मालमत्ताही तिची. दुसऱ्या गटाला हे मान्य नव्हतं. वाद दिवाणी न्यायालयात गेला आणि वर चढत सर्वोच्च न्यायालयात पोहोचला.

२००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की मालमत्ता कुणाची, कारभार कुणाचा, जुन्या ट्रस्टची जागा नव्या संस्थेनं घेतली का, हे ठरवण्यासाठी या कायद्यात पूर्ण व्यवस्था आहे. म्हणून दिवाणी न्यायालयाला तो दावा चालवता येत नाही. विलीनीकरण १९७० चं आणि हा निकाल २००५ चा. मधल्या काळात त्या चर्चमध्ये लग्नं झाली असतील, बाप्तिस्मे झाले असतील, अंत्यविधी झाले असतील. एकाच प्रार्थनास्थळातल्या माणसांमध्ये तेवढी वर्षं एक प्रश्न लोंबकळत राहिला. चुकीचं दार ठोठावण्याची किंमत अशी असते.

आणखी एक गोष्ट अनेकांना माहीत नसते. न्यायालयाला अधिकारच नसेल तर दोन्ही पक्षांनी "आम्हाला चालेल" असं म्हटल्यानंही तो अधिकार निर्माण होत नाही. हरकत उशिरा, अगदी अपिलात घेतली तरी ती ऐकली जाऊ शकते. म्हणजे खालच्या कोर्टात जिंकलेला निकालही हातातून जाऊ शकतो.

मग दिवाणी न्यायालयाचं दार कुठे उघडं आहे?

ते पुरतं बंद आहे असंही समजू नका. कलम ८० नीट वाचलं तर त्यात दोन अटी आहेत. प्रश्न अधिकाऱ्यांनी ठरवायचा असला पाहिजे आणि त्यावरचा त्यांचा निर्णय कायद्यानं अंतिम मानलेला असला पाहिजे. जिथे या अटी पूर्ण होत नाहीत, तिथे दिवाणी न्यायालय आपलं काम करतं.

पहिला प्रकार, लोकांच्या वतीनं केलेला दावा. विश्वस्तानं विश्वासघात केला, मालमत्ता भलत्याच्या ताब्यात गेली, हिशेब मागायचा आहे, विश्वस्ताला काढायचं आहे, अशा मागण्यांसाठी कलम ५० खाली न्यायालयात दावा करता येतो. मात्र तो एकट्या माणसाला आणि मनात आलं म्हणून करता येत नाही. ट्रस्टमध्ये हितसंबंध असलेल्या किमान दोन व्यक्ती लागतात आणि धर्मादाय आयुक्तांची लेखी संमती आधी घ्यावी लागते. ही संमती म्हणजे एक चाळणी आहे. कुणाही नाराज माणसानं उठून देवस्थानाला वर्षानुवर्षं कोर्टात खेचू नये, यासाठी ती ठेवली आहे.

"हितसंबंध असलेली व्यक्ती" म्हणजे मोठा देणगीदार किंवा मानकरी असं वाटतं ना? तसं नाही. देवळाच्या बाबतीत जो तिथल्या पूजेला येण्याचा हक्कदार आहे किंवा नेहमी येतो, प्रसादाचा वाटेकरी आहे, तो हितसंबंधी. मठाच्या बाबतीत त्याचा शिष्य किंवा त्या संप्रदायाचा माणूस. रोज काकडआरतीला येणारी, दानपेटीत दोन रुपये टाकणारी म्हातारी कायद्याच्या नजरेत परकी नाही.

दुसरा प्रकार, स्वतःच्या हक्काचा दावा. तुमचं देवस्थानाशी भाडेकराराचं भांडण आहे, तुमचा पगार थकला आहे, तुमच्या शेताचा रस्ता देवस्थानानं अडवला आहे. इथे तुम्ही सगळ्या भक्तांच्या वतीनं भांडत नाही, स्वतःसाठी भांडता. सर्वोच्च न्यायालयानं १९७४ मध्ये स्वामी परमात्मानंद सरस्वती यांच्या प्रकरणात हाच फरक दाखवला: दावा सार्वजनिक हक्काच्या रक्षणासाठी आहे की वैयक्तिक हक्कासाठी, हे पाहा. वैयक्तिक असेल तर लोकांच्या वतीनं करायच्या दाव्यासाठीची परवानगी लागत नाही. पण इथे शब्दांची चलाखी चालत नाही. न्यायालय मथळा पाहत नाही, दाव्यात खरं काय मागितलं आहे ते पाहतं.

पैशांचा अपहार झाला असेल तर फौजदारी तक्रार वेगळी करता येते. पण त्यातून गुन्ह्याचा निकाल लागतो. देवस्थानाचा कारभार उद्यापासून कुणी पाहायचा, हे त्यातून ठरत नाही.

पालखीचा मान कोणाचा?

आपल्याकडे जमिनीइतकीच मोठी भांडणं मानपानावरून होतात. पालखीला पहिला खांदा कुणाचा, होळीला पहिला नारळ कुणाचा, जत्रेत प्रसादाचं पान आधी कुणाला. बाहेरच्याला हसू येईल, पण ज्या घराचा मान गेला त्या घरात त्या रात्री चूल पेटत नाही.

हे भांडण दिवाणी न्यायालय ऐकतं का? दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ९ सांगतं की मालमत्तेचा किंवा पदाचा हक्क वादात असेल तर तो दिवाणी स्वरूपाचा दावा आहे, मग तो हक्क पूर्णपणे धार्मिक विधींच्या प्रश्नावर अवलंबून असला तरी. म्हणजे पुजाऱ्याचं पद, गुरवाचं पद, विश्वस्ताचं पद हा न्यायालयाचा विषय होऊ शकतो. नुसता मान मात्र नाही. तमिळनाडूतल्या आळ्वारतिरुनगरी देवस्थानातल्या मानाच्या वादात सर्वोच्च न्यायालयानं १९६१ मध्ये सांगितलं की मान एखाद्या पदाला जोडलेला असेल, त्या पदाचा मोबदला म्हणून असेल, तर दावा चालेल. केवळ आदरसत्कार म्हणून दिला जाणारा मान मात्र कोर्टातून मिळवता येत नाही.

म्हणून मानाच्या वादात वकिलाकडे जाण्याआधी स्वतःला विचारा: हा मान कोणत्या पदाबरोबर येतो का? त्याची नोंद कुठे आहे का? उत्तर "नाही, पण पूर्वीपासून आमच्याकडेच आहे" असं असेल, तर गावच्या पारावर बसून तोडगा काढणं स्वस्त पडेल आणि कदाचित टिकाऊही ठरेल.

कारभार सरकार पाहील, श्रद्धा नाही

एक शंका अनेक घरांत बोलली जाते: सरकारी अधिकाऱ्यानं देवळात लक्ष का घालावं? ही शंका कायदा आला तेव्हाच उभी राहिली होती. जैन समाजातल्या एका ट्रस्टच्या विश्वस्तांनी या कायद्याला आव्हान दिलं. १९५४ च्या 'रतिलाल पानाचंद गांधी विरुद्ध मुंबई राज्य' या निकालात सर्वोच्च न्यायालयानं कायदा मोठ्या प्रमाणात टिकवला, पण काही तरतुदी रद्दही केल्या. एका धार्मिक हेतूसाठी दिलेला पैसा दात्याच्या इच्छेविरुद्ध भलत्याच कामाकडे वळवता येणार नाही, ही त्यातली एक महत्त्वाची गोष्ट. मालमत्तेच्या कारभारावर कायद्याची देखरेख राहील, पण पूजा कशी करायची, व्रत कोणतं पाळायचं, ही धर्माची बाब आहे, अशी रेघ न्यायालयानं तिथे ओढली.

तेव्हा आरती पहाटे पाचला की सहाला, हे धर्मादाय आयुक्त ठरवत नाहीत. आरतीच्या ताटात जमलेल्या पैशांचा हिशेब मात्र ते मागू शकतात.

तुम्ही महाराष्ट्राबाहेर राहता का?

मग सावध. राज्याची हद्द ओलांडली की हीच वाट बदलते.

गुजरातमध्ये, म्हणजे बडोदा-सुरतच्या वाचकांसाठी, मूळ कायदा तोच १९५० चा आहे. मध्य प्रदेशात १९५१ चा वेगळा सार्वजनिक न्यास कायदा आहे. तिथे न्यासांचा निबंधक म्हणजे जिल्हाधिकारी. आणि मोठा फरक असा की निबंधकाचा निष्कर्ष मान्य नसेल तर सहा महिन्यांच्या आत दिवाणी दावा करता येतो. इंदूर किंवा ग्वाल्हेरमध्ये घर असलेल्यांनी महाराष्ट्रातल्या नातेवाइकाच्या अनुभवावरून सल्ला घेऊ नये, तो याचसाठी.

तमिळनाडूत १९५९ चा हिंदू धार्मिक व धर्मादाय देणगी कायदा आहे. तंजावरच्या भोसले घराण्याकडे आजही तिथल्या ८८ देवळांचं वंशपरंपरागत विश्वस्तपद आहे, त्यामुळे हा कायदा मराठी माणसाला अगदीच परका नाही. गंमत म्हणजे देवळातला मान किंवा मानधन रूढीनं कुणाला मिळावं, हा प्रश्नही तिथे या कायद्यानं आधी अधिकाऱ्यांकडे सोपवला आहे. अधिकारी आणि आयुक्त यांचे टप्पे झाल्यावरच न्यायालयात दावा करता येतो. गोव्यात देवस्थानांचा कारभार महाजनांच्या जुन्या नियमावलीनुसार चालतो आणि तिथे मामलेदाराची भूमिका महत्त्वाची असते.

जिथे असा वेगळा कायदा लागू नाही, तिथे दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ९२ वापरलं जातं. त्यानुसार ट्रस्टमध्ये हितसंबंध असलेल्या दोन किंवा अधिक व्यक्ती न्यायालयाची परवानगी घेऊन दावा करू शकतात. महाराष्ट्रात मात्र १९५० च्या कायद्याखालच्या ट्रस्टना हे कलम लागू होत नाही. वक्फ मालमत्तेच्या वादांसाठी वक्फ न्यायाधिकरण ही स्वतंत्र व्यवस्था आहे.

महाराष्ट्रातही काही मोठ्या देवस्थानांना स्वतःचा कायदा आहे. प्रभादेवीच्या सिद्धिविनायकासाठी १९८० चा, शिर्डीसाठी २००४ चा आणि पंढरपूरसाठी १९७३ चा. पंढरपूरच्या कायद्यानं बडवे आणि उत्पातांचे वंशपरंपरागत हक्क संपवले आणि ती लढाई २०१४ साली सर्वोच्च न्यायालयात संपली. तुमचं देवस्थान अशा यादीत असेल तर आधी त्याचा कायदा वाचा.

घराबाहेर पडण्याआधी काय तयारी करावी?

ग्रुपवरच्या त्या मेसेजकडे परत येऊ. देवळाची जागा परस्पर दिली, असं कळलं आहे. आता काय?

सर्वात आधी कागद. धर्मादाय कार्यालयातून ट्रस्टच्या नोंदवहीचा उतारा काढा, ज्याला बहुतेक जण 'शेड्यूल वन' म्हणतात. त्यात विश्वस्तांची नावं आणि मालमत्तेची नोंद असते. ती जागा त्यात आहे का ते पाहा. सातबारा किंवा मिळकत पत्रिका सोबत काढा. दोन्हींत फरक असेल तर तो लिहून ठेवा.

मग विश्वस्त तपासा. विश्वस्त बदलला की त्याची खबर ९० दिवसांत द्यावी लागते, त्याला 'चेंज रिपोर्ट' म्हणतात. कित्येक देवस्थानांत कागदावरचे विश्वस्त केव्हाच देवाघरी गेलेले असतात आणि कारभार भलताच माणूस पाहत असतो. तुम्ही ज्याच्याशी भांडता आहात तो कागदावर विश्वस्त आहे का, हे आधीच कळलं तर अर्धं भांडण सरळ होतं.

पुढे व्यवहार तपासा. कलम ३६ प्रमाणे ट्रस्टची स्थावर मालमत्ता विकण्यासाठी, अदलाबदल करण्यासाठी किंवा बक्षीस देण्यासाठी धर्मादाय आयुक्तांची पूर्वमंजुरी लागते. शेतजमीन १० वर्षांहून जास्त आणि बिगरशेती जमीन किंवा इमारत ३ वर्षांहून जास्त मुदतीनं भाड्यानं द्यायची असली तरी मंजुरी हवीच. करार ११ महिन्यांचा असेल तर हा आक्षेप टिकणार नाही. ९९ वर्षांचा असेल तर पहिला प्रश्न मंजुरीच्या आदेशाचा विचारा.

बांधकाम उद्याच सुरू होणार असेल तर थांबून चालत नाही. ट्रस्टची मालमत्ता वाया जाण्याचा, तिचं नुकसान होण्याचा किंवा ती गैरमार्गानं दिली जाण्याचा धोका असेल, तर धर्मादाय आयुक्त मनाई आदेश देऊ शकतात. ती तरतूद कलम ४१ ई मध्ये आहे. हिशेब वारंवार न देणारा किंवा पैसा खाणारा विश्वस्त असेल तर त्याला निलंबित करण्याची किंवा काढण्याची तरतूद कलम ४१ डी मध्ये आहे. या दोन्हींसाठी दिवाणी दाव्यानं सुरुवात करावी लागत नाही.

आणि तारखा लिहून ठेवा. निकाल कधी लागला, प्रत कधी मिळाली, मुदत कधी संपते. चुकीच्या न्यायालयात प्रामाणिकपणे घालवलेला काळ मुदतीतून वगळण्याची सोय मुदत कायद्याच्या कलम १४ मध्ये आहे. पण तुम्ही चांगल्या हेतूनं आणि नेटानं दावा चालवत होता, हे दाखवावं लागतं. त्या सोयीवर भिस्त ठेवण्यापेक्षा सुरुवातीलाच धर्मादाय कामाचा अनुभव असलेल्या वकिलाला गाठा. दिवाणी, फौजदारी सगळं करणारा ओळखीचा वकील चांगला असतोच, पण ही वाट रोज चालणारा वेगळा.

भांडणाच्या आधीची गोष्ट

ही सगळी कलमं भांडण पेटल्यावर कामाला येतात. देवस्थानाचं नुकसान बहुतेक वेळा त्याच्या आधीच, शांतपणे होतं. वार्षिक सभेला सात माणसं येतात. हिशेब वाचून दाखवला जात नाही आणि कुणी मागतही नाही. विश्वस्त हा गावातला मोठा माणूस, त्याला कसं विचारायचं, म्हणून गप्प बसणं सोयीचं वाटतं. त्याच्याही बाजूनं पाहिलं तर पंचवीस वर्षं स्वतःच्या खिशातून तेलवात करणाऱ्या माणसाला अचानक कुणी "चोर" म्हटलं की तोही इरेला पेटतो. दरवर्षी हिशेब फलकावर लागला असता तर दोघांनाही ही वेळ आली नसती.

परसातल्या त्या दत्ताच्या देवळाचंही तसंच आहे. पणजोबांनी, निदान आजोबांनी, एक कागद करून ठेवला असता की हे देऊळ घरचं राहील किंवा गावाचं होईल, तर आज चुलत भावंडं एकमेकांच्या लग्नाला जात असती. तुमच्या घरात असं देऊळ असेल, ज्याच्या दाराशी बाहेरची माणसं रोज येतात, तर वडीलधारी हयात असताना त्यांच्याशी हा विषय काढा. तो काढायला जड जातो हे खरं. पण त्यांच्यानंतर त्यांच्या मनात काय होतं, हे वकिलांनी एकमेकांना सांगण्यापेक्षा त्यांनीच सांगितलेलं बरं.

येत्या सणाला गावी गेलात तर दर्शन झाल्यावर एक छोटं काम करा. कमानीवर किंवा पावतीवर ट्रस्टचा नोंदणी क्रमांक आहे का ते पाहा आणि फोनमध्ये त्याचा फोटो काढून ठेवा. पुढे कधी गरज पडलीच, तर कोणत्या दारात जायचं हे शोधायची सुरुवात त्याच क्रमांकापासून होईल.